एका आवाजाचे दोन बाजार

प्रल्हाद शिंदे यांचा आवाज ऐकला नाही असा माणूस महाराष्ट्रात शोधून काढावा लागेल. त्या आवाजावर समीक्षा म्हणावी असे लेखन मात्र शोधूनही फारसे हाती लागत नाही. २३ जून २००४ रोजी ते गेले. मृत्युलेख आले, ‘लोकप्रिय गायक’ हा शब्द पुन्हापुन्हा वापरला गेला आणि विषय संपला. लोकप्रिय हा शब्द आपल्याकडे कौतुकाचा वाटतो. प्रत्यक्षात तो कलावंताला दाराबाहेर बसवण्याचा सभ्य मार्ग आहे. भीमसेन जोशींच्या अभंगवाणीबद्दल बोलताना राग, घराणे, स्वरलगाव यांची चर्चा होते. प्रल्हाद शिंदे यांच्याबद्दल बोलताना किती कॅसेटी खपल्या एवढेच बोलले जाते. निदान त्या खपाचा तरी नीट विचार करावा, असे मला वाटते. बाजाराने या माणसाकडून नेमके काय विकत घेतले आणि काय घेतले नाही, हा या लेखाचा विषय आहे.

मी हे अक्कलकोटात बसून लिहितो आहे, त्यालाही कारण आहे. वटवृक्ष मंदिराकडे जाणाऱ्या रस्त्यावर प्रसाद, तसबिरी आणि जपमाळांच्या दुकानांतून एके काळी भक्तिगीतांच्या कॅसेटींच्या चळती लागत; पुढे सीडी आल्या, आता मोबाइलमध्येच सगळे मिळते. माध्यमे बदलली, पण पंढरपूर-तुळजापूर-अक्कलकोट-गाणगापूर या वाटेवरच्या प्रवाशाच्या कानावर पडणारा तो वरच्या पट्टीतला गळा बदललेला नाही. आमचा तालुका सीमेवरचा. निम्म्या घरांत कानडी बोलली जाते. घरी मराठीचा शब्द न बोलणारी पोरेसुद्धा पंढरीच्या वाटेचे ते गाणे पहिल्यापासून शेवटपर्यंत म्हणतात. गाणारा कोण, हे विचारले तर निम्म्यांना नाव सांगता येते. तो कोणत्या समाजातून आला, हे विचारले तर वर्गात शांतता पसरते.

याच तालुक्यातले हन्नूर हे शरणकुमार लिंबाळे यांचे गाव. ‘अक्करमाशी’ १९८४ साली आले आणि त्यावर बाजूने-विरोधात किती लिहिले गेले हे या नियतकालिकाच्या वाचकांना सांगण्याची गरज नाही. ‘बलुतं’, ‘उपरा’, ‘अक्करमाशी’ या पुस्तकांनी मराठी समीक्षेला नवे प्रश्न विचारायला भाग पाडले. पण ज्या वर्षांत ही पुस्तके वाचली जात होती, त्याच वर्षांत त्याच वस्त्यांतून टेपरेकॉर्डर वाजत होते, आणि त्यांतून येणाऱ्या गाण्यांकडे आपल्या समीक्षकांनी कान दिला नाही. आपण छापलेल्या शब्दाचे समीक्षक झालो. अक्षरापासून हजारो वर्षे तोडलेल्या समाजाच्या पहिल्या शिकलेल्या पिढीला अक्षराचे अप्रूप वाटणे स्वाभाविक होते. त्या अप्रूपात गळ्यातून आलेले सगळे मागच्या दाराला राहिले, हेही तितकेच खरे.

अमेरिकेतील काळ्यांच्या चळवळीकडे आपण पाहिले तेही असेच. २९ मे १९७२ रोजी मुंबईत दलित पँथरची स्थापना झाली ती ब्लॅक पँथरचे नाव घेऊन. त्यापूर्वी आणि त्यानंतर रिचर्ड राइट, जेम्स बाल्डविन, लँग्स्टन ह्यूज ही नावे आपल्या परिसंवादांतून फिरत होती. जनार्दन वाघमारे यांनी ‘अमेरिकन निग्रो : साहित्य आणि संस्कृती’ लिहून मराठी वाचकाला त्या जगाचा परिचय करून दिला. पण लेरॉय जोन्सच्या कवितेइतकेच महत्त्वाचे असे त्याचे ‘ब्लूज पीपल’ हे १९६३ सालचे पुस्तक आपल्या चर्चेत फारसे आलेच नाही. गुलामांच्या हाळीपासून जॅझपर्यंतच्या संगीताकडे त्या समाजाचा इतिहास म्हणून पाहणारे ते पुस्तक आहे. कवितेचा नकार आपण उचलला, गाण्याचा इतिहास तिथेच सोडला. त्यांचे गाणे ऐकले नाही म्हणून आपले गाणेही ऐकू आले नाही, असे म्हटले तर अतिशयोक्ती होईल का?

तिकडे ज्या गाण्याला ‘सोल’ म्हणतात त्याचा उल्लेख इथे अपरिहार्य आहे. सोल म्हणजे आत्मा. बुद्धाने आत्मा नाकारला. त्यामुळे आपल्यापैकी कोणी या गायनप्रकाराचे नाव घेताना जरा अडखळला तर त्याला मी दोष देणार नाही. पण गाण्याच्या बाबतीत त्या शब्दाचा अर्थ साधा आहे. चर्चमध्ये देवासाठी लावलेला गळा माणसाच्या सुखदुःखासाठी वापरला की त्याला सोल म्हणतात. सॅम कुक हा भजनी मंडळातला नावाजलेला गायक. १९५७ साली त्याने प्रेमगीत गायले आणि त्याचा मोठा खप झाला. त्याआधी असेच एक लौकिक गाणे त्याने नाव बदलून काढले होते, कारण चर्चचा श्रोता दुरावेल ही भीती होती.

बाजाराने या गाण्याला काय नाव दिले ते पाहण्यासारखे आहे. ‘बिलबोर्ड’ हे तिथल्या संगीत-व्यापाराचे साप्ताहिक. काळ्यांच्या तबकड्यांची त्याची यादी वेगळी. तिला १९४९ पर्यंत सरळ ‘रेस रेकॉर्ड्स’, म्हणजे वंशाच्या तबकड्या, असे नाव होते. मग ‘रिदम अँड ब्लूज’ झाले, १९६९ साली ‘सोल’ झाले, १९८२ साली ‘ब्लॅक’ झाले. नावे बदलत गेली, यादी वेगळीच राहिली. गावकुसाबाहेरच्या वस्तीचे नाव बदलले तरी वस्ती जागेवरच राहते, हा आपलाही अनुभव आहे. मार्विन गे याने १९७१ साली ‘व्हॉट्स गोइंग ऑन’ केले ते याच यादीच्या भिंतीवर धडक देणारे काम होते. व्हिएतनामहून परतलेला सैनिक, पोलिसांची लाठी, वस्तीतले दारिद्र्य आणि अमली पदार्थ, नासलेली हवा-पाणी असा सगळा ऐवज त्याने एका तबकडीत एकसलग बांधला. त्याच्या कंपनीचा मालक बेरी गॉर्डी हा स्वतः काळा. त्याने उभ्या केलेल्या मोटाउनचा सगळा डोलारा गोऱ्या तरुणांनाही चालेल अशा गोड प्रेमगीतांवर उभा. हे गाणे विकले जाणार नाही, असे त्याचे मत पडले. मार्विन अडून बसला. जानेवारीत एकच गाणे बाजारात गेले आणि हातोहात खपले; तेव्हा मालकालाच पूर्ण अल्बम हवासा झाला. मे महिन्यात तो आला आणि सोलच्या यादीत पहिला, सर्वसाधारण यादीत सहावा झाला. पहिला आणि सहावा यांच्यामधले जे अंतर आहे, ते संगीताच्या कोणत्याही नियमाने मोजता येत नाही.

ही यादी अन्यायाची होती, तरी ती यादी होती. काळ्या माणसाचे गाणे काळ्यांत किती आणि बाहेर किती गेले हे कुठे तरी छापले जात होते, त्यावर भांडता येत होते. मराठीत अशी यादी रूढ झाली नाही. खप कंपनीच्या वहीत, दुकानदाराच्या तोंडात आणि गायकाच्या आठवणीत राहिला. त्यामुळे प्रल्हाद शिंदे यांच्या अमुक कॅसेटी खपल्या असे जे आकडे ऐकू येतात, त्यांवर मी काही उभारू इच्छित नाही. आकड्यांपेक्षा वेष्टन अधिक बोलके आहे.

ओटिस रेडिंग या थोर सोल गायकाची ‘ओटिस ब्लू’ ही तबकडी १९६५ साली निघाली. ‘रिस्पेक्ट’ हे गाणे तिच्यात आहे. तिच्या वेष्टनावर ओटिसचा चेहरा नाही. सोनेरी केसांच्या एका गोऱ्या स्त्रीचा चेहरा आहे. गळा काळ्याचा, मुखवटा गोऱ्याचा. आता आपल्या भक्तिगीतांच्या कॅसेटींची वेष्टने आठवा. बहुतेकांवर देव. विठ्ठल, दत्त, अंबाबाई, गणपती. गायकाचे नाव खाली, अक्षर बारीक. आणि ते नाव तरी काय, तर शिंदे. शिंदे हे आडनाव ग्वाल्हेरच्या राजाचे आहे, गावच्या पाटलाचे असते आणि महारवाड्यातल्या माणसाचेही असते. वेष्टनावरून विकत घेणाऱ्याला काही कळत नाही, आणि त्याला कळून घ्यायचेही नसते. तबकडीने आणि कॅसेटने आवाज देहापासून वेगळा केला. ज्या देहाची सावली एके काळी विटाळ करीत होती, त्या देहाचा आवाज देवघरात गेला तर विटाळ झाला नाही, कारण आवाजाबरोबर देह आलाच नव्हता. यंत्राने जातीची ही सोय करून दिली. यंत्र जात मोडते असे आपण फार भाबडेपणाने मानत आलो. यंत्राने जात मोडली नाही, लपवली. आणि लपवून दोघांचाही व्यवहार चालू ठेवला.

हा व्यवहार कसा वाढला तेही पाहिले पाहिजे. तबकडीच्या काळात ग्रामोफोन कंपनीची जवळजवळ मक्तेदारी होती. काय ध्वनिमुद्रित व्हायचे हे मोजकी माणसे ठरवत. तबकडी आणि ग्रामोफोन दोन्ही महाग, घेणारा वर्ग पांढरपेशा. सत्तरीच्या दशकाच्या अखेरीस कॅसेट आली आणि ऐंशीच्या दशकात तिने सगळे उलटेपालटे केले. कॅसेट भरायला मोठा कारखाना लागत नाही, टेपरेकॉर्डर सालदाराच्याही घरी येऊ शकतो. १९८३ साली टी-सिरीज निघाली, व्हीनससारख्या कंपन्या आल्या, आणि गल्लीबोळांत नावही न टिकलेल्या किती तरी छोट्या कंपन्या उभ्या राहिल्या. पीटर मॅन्युएल या अभ्यासकाने ‘कॅसेट कल्चर’ या १९९३ सालच्या पुस्तकात उत्तर भारतातली ही उलथापालथ नोंदवली आहे. महाराष्ट्राची कथा अजून कोणी तेवढ्या तपशिलाने सांगितलेली नाही. या लाटेवर भीमगीत घराघरात गेले, हे आपण अभिमानाने सांगतो आणि ते खरेही आहे. पण भक्तिगीत त्याच लाटेवर अधिक दूर गेले, आणि दोन्हीकडे गळा पुष्कळदा एकच होता.

इथेच दोन बाजार दिसतात. एक बाजार देवळाच्या रस्त्यावरचा, एस.टी. स्टँडवरचा, सणासुदीचा, तो वर्षभर चालतो आणि त्याला ‘सर्वांचा’ समजले जाते. दुसरा बाजार ६ डिसेंबरला चैत्यभूमीवर, विजयादशमीला दीक्षाभूमीवर, १ जानेवारीला भीमा कोरेगावला, १४ एप्रिलला गावोगावच्या चौकात जमिनीवर पथारी टाकून बसतो. तिथे पुस्तके, प्रतिमा, निळे झेंडे आणि गाणी शेजारी शेजारी विकली जातात. त्या बाजाराची उलाढाल लहान नाही, पण त्याला ‘त्यांचा’ बाजार समजले जाते. प्रल्हाद शिंदे दोन्हीकडे विकले गेले. देवळाच्या रस्त्यावरच्या गिऱ्हाइकाने पथारीवरची कॅसेट उचलली नाही. पथारीवरच्या गिऱ्हाइकाने मात्र पुष्कळदा देवळाच्या रस्त्यावरचीही घेतली होती, हे कबूल करायला आपल्याला जड जाते.

जड जाते, कारण आपल्यापैकी अनेकांचा आक्षेपच मुळात तो आहे. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला बाबासाहेबांनी बावीस प्रतिज्ञा दिल्या. हिंदू देवांना देव मानायचे नाही, ब्राह्मणाच्या हातून क्रियाकर्म करायचे नाही, हे त्यांत स्पष्ट आहे. त्यानंतर आंबेडकरी समाजातला, भीमगीते गाणारा गायक विठ्ठलाला आळवतो, सत्यनारायणाची कथा गाऊन सांगतो, याचा अर्थ काय लावायचा? फुल्यांनी १८७३ साली सत्यशोधक समाज काढला तो भटाशिवाय विधी व्हावेत म्हणून. आणि शंभर वर्षांनी सत्यनारायणाच्या मांडवात लाऊडस्पीकरवर आवाज कोणाचा, तर आपल्या माणसाचा. हा आक्षेप पोकळ नाही. तो विचारणाऱ्या कार्यकर्त्याला कर्मठ म्हणून उडवून लावणे मला मान्य नाही.

पण त्याचे जे उत्तर आपल्यात दिले जाते, तेही मला मान्य नाही. “पोटासाठी गायला बिचारा” हे ते उत्तर. यात दया आहे, आदर नाही. पोटासाठी तर सगळेच गातात. भीमसेन जोशीही बिदागी घेऊनच गात होते. पोटासाठी म्हटले की गाण्यात काय घडले हे ऐकण्याची जबाबदारी संपते. एका मोठ्या कलावंताला आपण मजूर करून टाकतो, तेही क्षमा करण्याच्या आविर्भावात.

ऐकण्यापूर्वी एक तारीख लक्षात घेऊ. पंढरपूरच्या विठ्ठल मंदिराचा दरवाजा अस्पृश्यांना उघडला तो मे १९४७ मध्ये, साने गुरुजींच्या उपोषणानंतर. बाबासाहेबांचा मंदिरप्रवेशातला रस त्याच्या कितीतरी आधीच संपला होता. काळाराम सत्याग्रहाच्या अनुभवानंतर १९३५ साली येवल्यात त्यांनी धर्मांतराची घोषणा केली होती. प्रल्हाद शिंदे यांचा जन्म १९३३ चा. म्हणजे पंढरीच्या वाटेचे गाणे ज्याच्या गळ्याने महाराष्ट्रात अजरामर केले, तो चौदा वर्षांचा होईपर्यंत त्या देवळात त्याला प्रवेश नव्हता. चोखोबा अजूनही पायरीपाशीच आहेत. वारीच्या वाटेवर पाऊल टाकण्याची मुभा आमच्या बापजाद्यांना होती. वाट संपते तिथे आत जाण्याची नव्हती. ‘पाऊले चालती पंढरीची वाट’ हे गीत दत्ता पाटील यांचे, चाल मधुकर पाठक यांची. गीतकाराने ते कोणत्या मनाने लिहिले हे त्यांचे त्यांना ठाऊक. पण हा गळा जेव्हा वाटेबद्दल गातो तेव्हा त्याला वाट ठाऊक आहे, गाभाऱ्याबद्दल त्याच्याकडे सांगण्यासारखे काही नाही, असे मला ऐकू येते. ज्याने हाक मारली आणि ज्याला ओ मिळाली नाही, त्याचा तो स्वर आहे. म्हणूनच तो कष्टकऱ्याला भिडतो, मग तो कष्टकरी कोणत्या का जातीचा असेना.

अरेथा फ्रँकलिनची तुलना इथे उपयोगी पडते. तिचे वडील धर्मोपदेशक; त्यांच्या प्रवचनांच्या तबकड्याही विकल्या जात. १९६७ साली ओटिसचे ‘रिस्पेक्ट’ तिने असे गायले की ते गाणे तिचेच झाले आणि एका पुरुषाची घरगुती मागणी स्त्रियांची आणि काळ्यांची मागणी बनली. कीर्तीच्या शिखरावर असताना, जानेवारी १९७२ मध्ये, ती लॉस एंजेलिसच्या एका काळ्या वस्तीतल्या चर्चमध्ये दोन रात्री भजने गायली. ‘अमेझिंग ग्रेस’ हा तो अल्बम १ जून १९७२ रोजी, दलित पँथरच्या स्थापनेनंतर तिसऱ्या दिवशी, बाजारात आला. वीस लाखांहून अधिक प्रती खपल्या. तिने लौकिक गाण्यासाठी चर्च सोडले अशी कुजबुज होती. वडिलांनी त्याच चर्चमध्ये उभे राहून ती कधी चर्च सोडून गेलीच नव्हती असे सांगितले. इथपर्यंत आपल्याला ओळखीचे वाटते. पण फरक मोठा आहे. अरेथा परतली ती आपल्या माणसांच्या, आपल्या माणसांनी बांधलेल्या प्रार्थनाघरात. कंपनीला ध्वनिमुद्रणाची यंत्रे घेऊन तिच्या मागे तिथे यावे लागले. आमच्या गायकाला बाजाराने पाठवले ते दुसऱ्याच्या देवळात. स्वतःच्या घरी त्याने जे गायले, त्याच्या मागे मोठा बाजार आला नाही.

आता गळ्याबद्दल. मराठी भक्तिसंगीताचा प्रतिष्ठित कान आकाशवाणीने घडवला. १९५५-५६ साली पुणे केंद्रावरून ‘गीतरामायण’ ऐकवले गेले, तो आवाज बंद खोलीतल्या माइकसमोरचा, सुसंस्कृत, शब्द सांभाळून ठेवणारा. प्रल्हाद शिंदे यांचा आवाज मैदानातला आहे. कव्वालीच्या फडात, मुकाबल्यात, रात्र रात्र उघड्यावर बसलेल्या लोकांपर्यंत पोचायची ज्याला सवय, तो गळा. सुरुवातीलाच वर जातो, तिथे ठाम उभा राहतो, आणि कोरसला खाली सोडून पुन्हा वर उचलतो. शब्दाचा शेवट तो कुरवाळत नाही, फेकतो. ध्रुपदाला परत येताना श्रोत्याला बरोबर घेऊन येतो; टाळी कुठे पडायची हे ऐकणाऱ्याला न सांगता कळते. त्यात खरखर आहे आणि ती लपवलेली नाही. सोलच्या गायकांबद्दल तिकडचे समीक्षक जे बोलतात, गळा फाटण्याच्या काठावर नेऊन सुरात ठेवणे, ते इथे जसेच्या तसे लागू पडते. हीच लकब भीमगीतात येते तेव्हा ती घोषणेच्या जवळ जाते, विठ्ठलगीतात येते तेव्हा तक्रारीच्या जवळ. मला स्वतःला भीमगीतातला त्यांचा आवाज अधिक मोकळा वाटतो. तिथे श्रोता समोर बसलेला आहे असे जाणवते. सत्यनारायणाच्या गाण्यात मात्र गळा कथा सांगण्याच्या कामाला लागतो आणि त्यातली हाक हरवते. ते गाणे सर्वांत जास्त मांडवांत वाजले असेल, पण गायक म्हणून ते त्यांचे उत्तम काम नाही. बाजाराने आणि धर्माने जिथे त्यांना पूर्णपणे सामावून घेतले, तिथेच गाणे कमी पडले, हे मला महत्त्वाचे वाटते.

या गळ्याच्या मागे मोठी परंपरा आहे. सत्यशोधकी जलसा, त्यातून निघालेला आंबेडकरी जलसा, भीमराव कर्डक यांच्यासारखे जलसाकार, आणि मग वामनदादा कर्डक. सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीचे वामनदादा १५ मे २००४ रोजी गेले, प्रल्हाद शिंदे त्याच्या पाचच आठवड्यांनी. वामनदादांनी गाणी वाटली, विकली नाहीत, असे म्हणणे फारसे चुकणार नाही. त्यांच्या ओळी घेऊन किती तरी गायकांनी आपली घरे चालवली. आमच्याच जिल्ह्यातले बार्शीचे अमर शेख आणि वाटेगावचे अण्णाभाऊ साठे, दोघेही १९६९ साली गेले, कॅसेट येण्यापूर्वीच. रमाबाई नगरच्या गोळीबारानंतर १५ जुलै १९९७ रोजी विलास घोगरे यांनी जीवन संपवले. आनंद पटवर्धन यांच्या ‘जय भीम कॉम्रेड’मुळे त्यांचे गाणे बाहेरच्या जगाने ऐकले. विठ्ठल उमप २६ नोव्हेंबर २०१० रोजी नागपुरात मंचावरच कोसळले. शर्मिला रेगे यांनी लावणी-पोवाड्याचा आणि पुढे भीमगीतांच्या पुस्तिकांचा विचार केला, तो अभ्यासवर्तुळात मानला गेला. पण हे सगळे बहुतांशी शब्दांबद्दल आणि राजकारणाबद्दल. गळ्याबद्दल अजूनही नाही.

प्रल्हाद शिंदे यांची मुले, विशेषतः आनंद आणि मिलिंद, ऐंशीच्या दशकात पुढे आली आणि पोपटाच्या गाण्याने महाराष्ट्र दणाणून गेला. त्यावर सभ्य समाजाने नाके मुरडली आणि लग्नाच्या वरातीत त्याच गाण्यावर नाचही केला. आपल्या कार्यकर्त्यांनीही नाके मुरडली. त्या गाण्याची मी वकिली करणार नाही. पण एक लक्षात ठेवावे, की बाजाराने या घराण्याकडे मागितले ते दोनच जिन्नस : भक्ती आणि चावटपणा. विचार मागितला नाही. तो त्यांनी न मागता पथारीवर आणून ठेवला. तिसऱ्या पिढीतल्या आदर्श शिंदे यांनी २०१३ साली ‘दुनियादारी’ चित्रपटात देवाच्या गाभाऱ्याबद्दल गायले आणि २०१९ साली बाबासाहेबांवरील दूरदर्शन मालिकेचे शीर्षकगीतही गायले. आता ते गीत रोज संध्याकाळी सर्व जातींच्या दिवाणखान्यांत वाजू लागले. दोन बाजारांमधली भिंत इथे पहिल्यांदा थोडी खचली. ते कंपन्यांच्या औदार्याने घडले नाही; मालिका पाहणारा आणि गाणे विकत घेणारा आंबेडकरी मध्यमवर्ग तोवर उभा राहिला होता.

राहिला पैशाचा प्रश्न. भारतात गायकाला, म्हणजे गाणे सादर करणाऱ्याला, कायद्याने स्वतःचा हक्क प्रथम मिळाला तो १९९४ च्या कॉपीराइट दुरुस्तीने, आणि स्वामित्वधनाची तरतूद आली २०१२ च्या दुरुस्तीने. कॅसेटचा सुवर्णकाळ त्याआधीच येऊन गेला होता. त्या काळात प्रादेशिक गायकाला एकरकमी पैसे देऊन मोकळे होण्याची पद्धत सर्रास होती. कॅसेट पुढे कितीही खपो. यात जात पाहून कोणी कमी दिले असे मी म्हणत नाही. पण ज्याला वकील माहीत नाही, करार वाचून दाखवणारा कोणी नाही, आणि आजची बिदागी आजच हवी आहे, त्याची सही कुठे घेतली जाते हे आपल्याला सांगावे लागत नाही. गायकाचे ही गत, तर मागे बसलेल्या ढोलकीवाल्याचे, कोरसच्या बायकांचे, चार ओळी लिहून देणाऱ्या वस्तीतल्या कवीचे नाव तरी राहिले का?

पुष्कळ कॅसेटींच्या आतल्या कागदावर ही नावे आहेत. गीतकार, संगीतकार, कोरस, वाद्यवृंद, कधी ध्वनिमुद्रण कुठे झाले तेही. फीत आता चिकटू लागली आहे, वाजवायला यंत्र नाही. पण कागद वाचता येतो. अक्कलकोट, मैंदर्गी, दुधनी इकडच्या वस्त्यांतून पत्र्याच्या पेट्यांत अशा कॅसेटी अजून आहेत. मराठीचे विद्यार्थी प्रबंधासाठी विषय शोधत असतात. त्यांनी त्या पेट्या उघडाव्यात, कागदावरचे प्रत्येक नाव उतरवून घ्यावे, ज्या घरात कॅसेट सापडली त्या घरी ती कोणत्या दिवशी वाजवली जाई ते विचारून ठेवावे, आणि देवाची व बाबासाहेबांची कॅसेट एकाच पेटीत सापडली तर तेही तसेच लिहून ठेवावे.